खेळाचा अनुशेष कोण मोजणार?

प्रार्थना ठोंबरे हे नाव आपल्या कार्यकर्त्यांपैकी फार थोड्यांच्या परिचयाचे असेल. १९९४ साली बार्शीत जन्मलेली ही मुलगी टेनिस खेळते. २०१४ साली दक्षिण कोरियातील इंचॉन येथे भरलेल्या आशियाई स्पर्धेत सानिया मिर्झाच्या साथीने तिने महिला दुहेरीत कांस्यपदक मिळविले. ऑगस्ट २०१६ मध्ये रिओ द जानेरोच्या ऑलिंपिकमध्ये हीच जोडी भारताच्या वतीने उतरली. पहिल्याच फेरीत चीनच्या पेंग श्वाई आणि झांग श्वाई यांच्याशी गाठ पडली आणि अडीच तासांहून अधिक चाललेल्या झुंजीत तिसरा सेट ७-५ असा गमावून तिचे ऑलिंपिक संपले. तेव्हा ती बावीस वर्षांची होती. त्यानंतरही ती खेळत राहिली. एप्रिल २०२५ मध्ये पुण्याजवळ बालेवाडीत बिली जीन किंग चषकाचे सामने झाले तेव्हा तिशी गाठलेली प्रार्थना भारतीय संघात होती, आणि तो संघ गटात दुसरा येऊन पुढच्या टप्प्यास पात्र ठरला.

क्रीडापृष्ठांवर अशा कारकिर्दीचे वर्णन एका ठराविक शब्दात होते. तो शब्द म्हणजे जिद्द. तालुक्याच्या गावातून मुलगी निघाली, आईवडिलांनी कष्ट सोसले, आणि ती ऑलिंपिकला पोचली. यातील एकही वाक्य खोटे नाही. पण कुटुंबाच्या जिद्दीचे पोवाडे गाताना, जे काम नगरपालिकेने, शाळेने, विद्यापीठाने आणि शासनाने करावयाचे होते ते एका घराने स्वतःच्या खिशातून केले, ही गोष्ट आपण नजरेआड करतो. या लेखात प्रार्थनाच्या गुणांची चर्चा नाही. तिच्या कारकिर्दीकडे अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने पाहिले तर आपल्या भागाविषयी काय दिसते, एवढेच येथे मांडावयाचे आहे.

आता बार्शी सोलापूर जिल्ह्यात, आणि हे साप्ताहिक वाचणारे बरेचसे मित्र लातूर-नांदेडचे. परंतु लातूरच्या माणसाला बार्शी कधीच परकी नव्हती. १८९७ साली कुर्डुवाडी ते बार्शी अशी अरुंद रुळांची रेल्वे सुरू झाली आणि १९११ साली ती लातूरला पोचली. निजामी राज्यातील लातूरच्या अडत बाजाराचा माल इंग्रजी मुलुखात जाण्याची वाट बार्शीवरूनच होती. जिल्ह्यांच्या सीमा कागदावर राहिल्या. जमीन, पाऊस, पीक आणि बाजार मात्र एकाच जातीचे. म्हणून बार्शीच्या मुलीला जे भोगावे लागले, तेच लातूर, उदगीर, अहमदपूर, देगलूर वा मुखेडच्या मुलीलाही भोगावे लागेल, असे मानण्यास हरकत नाही.

प्रथम या खेळाचा हिशेब पाहू. आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाने २०१३ च्या मोसमाचा अभ्यास केला होता. व्यावसायिक टेनिस खेळणाऱ्या स्त्रीला प्रवास, निवास, जेवण, रॅकेट व तिच्या तारा यांपायी वर्षाला सरासरी सुमारे ४०,००० डॉलर खर्च येतो, असे त्यात आढळले. त्या वेळच्या दराने ही रक्कम २३-२४ लाख रुपयांच्या घरात जाते. प्रशिक्षकाचे मानधन यात धरलेले नाही. बक्षिसाच्या रकमेतून एवढा खर्च तरी भरून निघावा, यासाठी जागतिक क्रमवारीत सुमारे २५० व्या क्रमांकाच्या आत असणे भाग होते. स्त्रियांच्या एकूण बक्षीस रकमेपैकी जवळजवळ निम्मी रक्कम सर्वांत वरच्या एक टक्का खेळाडूंकडे जात होती. भारतातील जमिनीचे वा संपत्तीचे वाटप पाहून आपण संतापतो. टेनिसच्या जगातील वाटप त्याहून फारसे वेगळे नाही.

हा व्यवसाय म्हणजे एक उतरंड आहे. सर्वांत खालच्या मडक्यात १५,००० डॉलर बक्षीस रकमेच्या स्पर्धा असतात. गेल्या काही वर्षांच्या तक्त्याप्रमाणे अशा स्पर्धेत एकेरी जिंकणाऱ्या मुलीला सुमारे २,३५० डॉलर मिळतात आणि पहिल्या फेरीत हरणारीला सुमारे १४७. दुहेरी जिंकणाऱ्या जोडीला मिळून ९५० डॉलरच्या आसपास, म्हणजे एकीच्या वाट्याला पावणेपाचशे. प्रार्थनाने आंतरराष्ट्रीय महासंघाच्या स्पर्धांत दुहेरीची वीसहून अधिक विजेतेपदे मिळविली आहेत. समजा, ही सारी विजेतेपदे सर्वांत खालच्या पायरीची असती, तर वीस वेळा चषक उचलूनही हाती साडेनऊ हजार डॉलर आले असते. एका वर्षाच्या सरासरी खर्चाच्या ते पाव भागाइतकेही नाहीत. वरच्या पायरीवर रक्कम वाढते हे खरे, पण तेथवर पोचेपर्यंतची वर्षे कोणाच्या पैशावर काढायची? युरोपातील मुलगी शेजारच्या देशात आगगाडीने जाऊन स्पर्धा खेळून येते. आपल्याकडील मुलीला विमानाचे तिकीट काढावे लागते. सोलापुरात आंतरराष्ट्रीय महिला स्पर्धा भरू लागल्या त्या बऱ्याच उशिरा. तोवर प्रार्थनाच्या उमेदीची वर्षे निघून गेली होती.

या हिशेबात दुहेरीला फार महत्त्व आहे. एकेरीच्या खेळाला सर्वांगीण, सततचे आणि महाग प्रशिक्षण लागते. दुहेरीत जाळीजवळची चपळाई, सर्व्हिस परतविण्याचे कसब आणि जोडीदाराशी जुळवून घेण्याची समज यांच्या बळावर तग धरता येतो. दोघी एका खोलीत राहून खर्च वाटून घेतात. भारताचे टेनिस पुष्कळ वर्षे दुहेरीवर तगले, याला आपल्या खेळाडूंचा स्वभाव कारण आहे असे कोणी म्हणतात. मला त्याचे कारण भांडवलाच्या टंचाईत दिसते. कोरडवाहू शेतकरी जसा जमिनीचा मगदूर पाहून पीक निवडतो, तसे आपले खेळाडू दुहेरी निवडतात. रिओच्या वेळी प्रार्थना दुहेरीच्या क्रमवारीत दोनशेच्या आसपास होती, तर सानिया जगात पहिली. पहिल्या दहांतील खेळाडूला आपला जोडीदार निवडण्याची मुभा नियमांत होती, आणि त्या मुभेमुळे बार्शीच्या मुलीला ऑलिंपिकचे दार उघडले. ती त्या जागेस पात्र होती, यात शंका नाही. परंतु सानियासारखी खेळाडू त्याच काळात नसती तर त्याच गुणांची, त्याच कष्टांची प्रार्थना रिओला पोचली नसती, हेही तितकेच खरे. तिने सराव केला तोही हैदराबादजवळच्या सानियाच्याच अकादमीत. एका गुणी स्त्रीने उभारलेल्या संस्थेवर आणि एका नियमातील सवलतीवर जे अवलंबून असते, त्याला व्यवस्था म्हणत नाहीत.

याची तुलना आरंभीच्या काळाशी करून पाहावी. १९३४ साली विंबल्डनमध्ये सामना जिंकणारी पहिली भारतीय स्त्री ठरली ती मुंबईची लीला राव. तिची आई क्षमाबाई राव स्वतः उत्तम टेनिस खेळत, संस्कृतात काव्य लिहीत आणि सत्याग्रहावर त्यांनी संस्कृत काव्य रचले. क्षमाबाईंचे वडील शंकर पांडुरंग पंडित हे तुकारामांच्या गाथेचे संपादक. अशा सुसंस्कृत व सुस्थित घराला मुंबईच्या जिमखान्यांची दारे उघडी होती. त्या कुटुंबाच्या कर्तृत्वाला यामुळे उणेपणा येत नाही. पण लीला राव यांच्यापासून प्रार्थनापर्यंत बहात्तर नव्हे, तब्बल ब्याऐंशी वर्षे लोटली आणि या काळात टेनिस जिमखान्याच्या कुंपणाबाहेर किती आले, याचे उत्तर फारसे समाधानकारक नाही. पुण्या-मुंबईत कोर्टे वाढली. ती बहुधा क्लबांची, सभासदांची आणि शुल्क भरणाऱ्यांची.

येथे आपल्यातील काही मित्र आक्षेप घेतील. टेनिस हा धनिकांचा खेळ. ज्या मराठवाड्यात प्यायला पाणी नाही तेथे त्याची चिंता कशाला, असे ते विचारतील. आक्षेप गंभीर आहे, त्याला टाळून पुढे जाता येणार नाही.

त्याचा पहिला भाग मला मान्य आहे. टेनिसला भांडवल फार लागते. कोर्ट ७८ फूट लांब व ३६ फूट रुंद. भोवतालची मोकळी जागा धरली तर सुमारे साडेसहा गुंठे जमीन लागते आणि तेथे एका वेळी चौघेच खेळतात. खो-खोचे मैदान याहून लहान, त्यावर दोन खांब रोवले की दोन संघांच्या मुली खेळू लागतात. शेजारच्या धाराशिवची सारिका काळे याच खेळात भारताची कर्णधार झाली. २०१६ च्या दक्षिण आशियाई स्पर्धेत तिच्या संघाने सुवर्णपदक जिंकले आणि २०२० साली तिला अर्जुन पुरस्कार मिळाला. नांदेड जिल्ह्यातील मुखेड तालुक्याच्या भाग्यश्री जाधवने गोळाफेकीत पॅरालिंपिक गाठले आणि २०२४ साली पॅरिसच्या उद्घाटन सोहळ्यात देशाचा ध्वज हाती धरला. तेव्हा, थोड्या भांडवलात पुष्कळ मुलींना खेळविणाऱ्या खेळांना सार्वजनिक पैशात अग्रक्रम असावा, हे मी कबूल करतो.

परंतु यावरून गरिबांच्या मुलींनी खो-खो खेळावा आणि टेनिस श्रीमंतांसाठी सोडावे, असा निष्कर्ष कोणी काढील तर तो मला मान्य नाही. एके काळी इंग्रजी शिक्षणाविषयी, वैद्यकीय शिक्षणाविषयी हेच बोलले जात असे. एखादी गोष्ट धनिकांच्या ताब्यात आहे एवढ्यामुळे ती धनिकांची ठरत नाही. तालुक्याच्या गावी एक सार्वजनिक कोर्ट असणे ही चैन मुळीच नाही. लग्नाच्या मंगल कार्यालयांना आणि दुकानांच्या गाळ्यांना आपल्या नगरपालिकांनी किती गुंठे दिले, याची मोजणी कोणी करून पाहावी.

आक्षेपाचा दुसरा भाग पाण्याचा. २०१६ च्या मार्च महिन्यात लातुरात पाणवठ्यांभोवती जमावबंदीचा हुकूम काढावा लागला आणि एप्रिलमध्ये मिरजेहून पाण्याची आगगाडी आली. पहिल्या खेपेस दहा टाक्यांतून पाच लाख लिटर पाणी आले. ही गाडी कुर्डुवाडी-बार्शी याच मार्गाने आली. चारच महिन्यांनी बार्शीची मुलगी रिओत खेळत होती. या दोन घटना एकाच वर्षी, एकाच लोहमार्गावर घडल्या, हा योगायोग. त्यांचा संबंध मात्र योगायोगाचा नाही. खेळायला कोर्टाइतकाच वेळ लागतो. घागरी घेऊन रांगेत कोण उभे राहते? घरातील मुलगी. तिची संध्याकाळ नळावर आणि टँकरपाशी जाते. पाण्याचा प्रश्न सुटेपर्यंत खेळाचे नाव काढू नका, असे म्हणणारा माणूस मुलींना आणखी दोन पिढ्या थांबायला सांगत असतो. पाण्याचा आणि खेळाचा अनुशेष एकाच शरीरावर साचतो, हे त्याच्या ध्यानात येत नाही.

घरात पाणी आहे, अशा मुलीच्या संध्याकाळचे काय होते, तेही पाहावे. लातूर पॅटर्नची कीर्ती सर्वांना ठाऊक आहे. नांदेडही आता त्याच वाटेवर पुष्कळ पुढे गेले आहे. बाहेरगावच्या हजारो मुली या दोन शहरांत खोल्या करून राहतात, पहाटेपासून रात्रीपर्यंत शिकवणीच्या वर्गांत बसतात. त्यांच्या पालकांना मी दोष देणार नाही. वैद्यकीय प्रवेशातून काय मिळते ते त्यांना दिसते. टेनिसमध्ये घातलेले पैसे शंभरात नव्याण्णव वेळा बुडतात, तेही दिसते. बाजार ज्या खुणा दाखवितो त्या त्यांनी बरोबर वाचल्या आहेत. म्हणूनच ही निवड बाजारावर सोपवून चालत नाही. पदक मिळो वा न मिळो, सोळाव्या वर्षी रोज तासभर धावण्याची, खेळण्याची मोकळीक मुलीला असली पाहिजे. ती मोकळीक कोणत्याही पालकाला एकट्याने विकत घेता येणार नाही. ती सर्वांनी मिळूनच निर्माण करावी लागते.

मग सारे शासनाकडे सोपवावे काय? रिओत जाळीपलीकडे उभ्या असलेल्या दोघी याचे अर्धे उत्तर देतात. चीनमध्ये शासन लहान वयात मुले हेरते, पोसते, शिकविते. २००८ च्या आसपास काही आघाडीच्या टेनिस खेळाडूंना, त्यांत पेंग श्वाई होती, स्वतःचा प्रशिक्षक नेमण्याची व कमाईचा मोठा हिस्सा स्वतःकडे ठेवण्याची मुभा मिळाली. त्याआधी कमाईचा अधिक भाग शासनाकडे जाई. ती २०१४ साली दुहेरीत जगात पहिल्या क्रमांकावर पोचली. याच पेंग श्वाईने नोव्हेंबर २०२१ मध्ये माजी उपपंतप्रधान झांग गाओली यांच्यावर लैंगिक जबरदस्तीचा आरोप केला. तो मजकूर काही वेळातच नाहीसा झाला, त्यानंतर काही आठवडे ती स्वतःही लोकांना दिसली नाही, आणि पुढे गैरसमज झाला असे तिने सांगितले. ज्या शासनाने खेळाडू घडविली त्याला ती आपली मालमत्ता वाटू लागते, असा याचा अर्थ मी घेतो. चेकोस्लोव्हाकियाने गावोगावच्या क्लबांतून टेनिस वाढविले आणि १९७५ ते १९८८ या काळात फेड चषक पाच वेळा जिंकला. पण मार्टिना नवरातिलोवाला १९७५ सालीच देश सोडावा लागला. तेथील गावोगावची कोर्टे आपण जरूर घ्यावीत, बेडी घेऊ नये. शासनाने पैसा व जागा द्यावी, कारभार नगरपालिका, शाळा, विद्यापीठ आणि खेळाडूंच्या संघटना यांच्या हाती असावा, आणि खेळाडू कोणाचीही मिंधी नसावी.

विद्यापीठाचा उल्लेख मी मुद्दाम केला. श्रीरामपूरची ऋतुजा भोसले अमेरिकेत टेक्सास ए अँड एम विद्यापीठात शिकली, तेथील संघातून खेळली आणि २०२३ साली हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेत रोहन बोपण्णाबरोबर तिने मिश्र दुहेरीचे सुवर्णपदक मिळविले. अमेरिकेत पदवी आणि खेळ ही दोन्ही एका छताखाली मिळतात. नांदेडचे स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ १९९४ साली, म्हणजे प्रार्थनाच्या जन्मवर्षी, स्थापन झाले. नांदेड, लातूर, परभणी, हिंगोली हे चार जिल्हे त्याच्या कक्षेत आहेत. या चार जिल्ह्यांत गुणी मुलगी निपजली तर तिला पदवी व खेळ यांपैकी एक सोडावे लागू नये, एवढी अपेक्षा आपल्या विद्यापीठाकडून करणे अवाजवी नाही.

आता मुख्य मुद्द्याकडे येतो. १९८४ साली प्रा. वि. म. दांडेकर यांच्या समितीने महाराष्ट्राच्या प्रादेशिक असमतोलाचा अहवाल दिला. राज्याची सरासरी काढायची, जो जिल्हा तिच्या खाली असेल त्याचा तुटवडा मोजायचा आणि तो भरून काढण्यास किती रुपये लागतील ते सांगायचे, ही समितीची रीत. रस्ते, सिंचन, वीज, शिक्षण, आरोग्य, पाणीपुरवठा, मृदसंधारण, इतकेच काय, पशुवैद्यकीय सेवांचाही अनुशेष तिने मोजला आणि एकूण आकडा ३,१८६ कोटींवर गेला. गुरांच्या दवाखान्यांना त्या यादीत स्थान मिळाले हे योग्यच झाले. खेळाच्या मैदानाला स्वतंत्र शीर्षक मिळाले नाही. पुढे १९९४ साली वैधानिक विकास मंडळे आली आणि ३० एप्रिल २०२० रोजी त्यांची मुदतही संपली. जे मोजले जात नाही त्याची मागणी करता येत नाही, आणि ज्याची मागणी होत नाही त्याला अंदाजपत्रकात जागा नसते. अंदाजपत्रक वाचलेल्या कोणालाही हे सांगावे लागू नये.

तेव्हा मोजणीचे काम आपणच सुरू करावे. त्यासाठी समितीची वाट पाहण्याचे कारण नाही. २००१ च्या क्रीडा धोरणापासून तालुका क्रीडा संकुलांची योजना आहे. आपल्या तालुक्याचे संकुल पूर्ण झाले आहे काय, संध्याकाळी पाच ते सात त्याचे दार उघडे असते काय, तेथे दिवे, पाणी आणि मुलींसाठी स्वच्छतागृह आहे काय, पगारी प्रशिक्षक किती, त्यांत स्त्रिया किती, आणि प्रत्यक्ष मैदानावर मुली किती, ही माहिती एका वहीत उतरून काढायला दोन कार्यकर्ते आणि एक आठवडा पुरतो. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याने शाळेला क्रीडांगण सक्तीचे केले आहे आणि सहावी ते आठवीत शंभरावर मुले असलेल्या शाळेत शारीरिक शिक्षणाचा अंशकालीन निदेशक असावा असे म्हटले आहे. आपल्या गावच्या शाळेत तो आहे की नाही, हे मुख्याध्यापकांना विचारता येईल; नसेल तर शिक्षणाधिकाऱ्यांना माहितीच्या अधिकारात विचारता येईल.

लातूर आणि नांदेड या दोन जिल्ह्यांतील तालुक्यांच्या अशा वह्या जमल्या तर दांडेकरांच्याच रीतीने त्यांची तालुकावार बेरीज करता येईल. ती बेरीज घेऊन नगरपालिकेच्या सभेत, जिल्हा नियोजन समितीपुढे आणि विद्यापीठाच्या अधिसभेत उभे राहावे, आणि तीन गोष्टी मागाव्यात: प्रत्येक तालुक्यास पगारी स्त्री प्रशिक्षक, मुलींसाठी राखून ठेवलेली मैदानाची वेळ, आणि राज्य पातळीवर पोचलेल्या मुलीला स्पर्धेसाठी प्रवासखर्च. या मागण्या लहान आहेत. प्रार्थना ठोंबरेच्या घराने इतकी वर्षे जे ओझे एकट्याने वाहिले, त्यातील थोडा भाग समाजाने उचलावा, एवढेच त्यांत आहे. पावसाळा संपला की शाळांच्या स्पर्धा सुरू होतील. त्याच सुमारास ही मोजणी हाती घेता येईल.